मचव्यावरचं वाचन

मॅट्रिक झाल्यावर दिघीच्या प्राथमिक शाळेत मला तात्पुरती नोकरी लागली, तेव्हा मी एकोणीस वर्षांची होते. आमचं घर खाडीच्या अलीकडे, आगरदांड्याला. रोज सकाळी मचव्यानं पलीकडे जायचं आणि शाळा सुटली की परत यायचं. मचवा शिडाचा. वारा असला तर अर्ध्या तासात पलीकडे, नसला तर वल्ही मारत तासभर. आणि माणसं भरेपर्यंत धक्क्याला थांबावं लागे ते वेगळंच. त्या थांबण्याला कंटाळून मी पिशवीत पुस्तक ठेवायला लागले.

पुस्तकं एका देवदारी खोक्यातली होती. मुरूडला एक निवृत्त अधिकारी राहत असत. माझे वडील त्यांच्या सुपारीच्या वाडीची देखरेख करायचे. साहेब वारले आणि त्यांच्या बायकोनं बंगला रिकामा करायला काढला. भांडी, पलंग, आरसे नेणारे पुष्कळ निघाले. पुस्तकं कोणी नेईना. तेव्हा बाई वडिलांना म्हणाल्या, "तुमच्या मुलीला वाचायची आवड आहे ना? मग हा खोका घेऊन जा."

खोक्यात वरच्या थराला साहेबांची इंग्रजी पुस्तकं होती. कागदी बांधणीची, पिवळी पडलेली, आणि प्रत्येकाच्या वेष्टनावर मोठी टोपी घातलेला घोडेस्वार. खालच्या थराला बाईंच्या मराठी कादंबऱ्या, सगळ्या प्रेमाच्या. आणि अगदी तळाला एक जाड ग्रंथ. आमच्या जिल्ह्यातली जी माणसं दुसऱ्या महायुद्धात पलटणींत आणि जहाजांवर गेली, त्यांचा इतिहास एका निवृत्त शिक्षकानं गावोगाव फिरून गोळा केला होता.

तो ग्रंथ मी पहिल्यांदा उघडला आणि उभ्या उभ्याच वाचत राहिले. शाळेच्या भूगोलात आमच्या बाजूला एखादी ओळ यायची, ती भात आणि नारळ यांची. इथे म्हसळा, श्रीवर्धन, माणगाव, मुरूड यांच्या शेजारी इजिप्त, इटली, ब्रह्मदेश असे शब्द होते. मी ज्या वाड्यांत हळदीकुंकवाला गेले होते, तिथली माणसं वाळवंटात रणगाड्यांच्या मागून चालली होती. ज्यांना मी फक्त सुपाऱ्या सोलताना पाहिलं होतं, ते बर्फात पाय गमावून आले होते. गावाचं नाव आलं की मी बोट ठेवून थांबायची. ग्रंथ खोटं सांगत नव्हता, पण माझ्या मनाला ते पेलत नव्हतं. म्हणून मी एक सवय लावून घेतली. युद्धाचं एक प्रकरण वाचलं की घोडेस्वाराचं एक वाचायचं, आणि मग कादंबरीचं. परिणाम असा झाला की तिन्ही गोष्टी डोक्यात एकमेकींत मिसळल्या. इटलीतल्या नदीपाशी आमचे जवान उभे असायचे आणि पलीकडून टोपीवाला घोडा दौडवत यायचा.

माझं इंग्रजी मॅट्रिकपुरतं. शब्दकोश होता, पण त्याची शेवटची पानं गेली होती. 'आर'च्या पुढे काहीच नाही. त्यामुळे त्या घोडेस्वारांच्या गावात सारखं 'सलून' यायचं, त्याचा अर्थ मी आपल्याकडचाच धरला. एक दिवस मचव्यात मी वाचता वाचता मोठ्यानं हसले. समोर टोपली घेऊन बसलेली एक कोळीण म्हणाली, "बाई, एकट्याच काय हसता? आम्हालाही सांगा."

मी सांगितलं, "अमेरिकेतली गोष्ट आहे. हा घोडेवाला दाढी करायला न्हाव्याच्या दुकानात गेला, आणि तिथे सात जण पिस्तुलं घेऊन त्याच्यावर धावले."

"न्हाव्याकडं?"

"यांची सगळी भांडणं न्हाव्याच्या दुकानातच होतात."

"आणि न्हावी काय करतो?"

"तो दारू ओततो."

अख्खा मचवा हसला. तेव्हापासून मला सुटका नव्हती. सकाळी धक्क्यावर पाऊल टाकलं की कोणीतरी विचारायचंच, "बाई, काल तो घोड्यावरून पडला, त्याचं काय झालं?" मी इंग्रजी ओळ मनात वाचायची आणि मराठीत बोलायची. अडलं की स्वतःचं काहीतरी घालायची. एका बाईला त्या घोडेवाल्याची फार काळजी. ती म्हणायची, "एवढा उन्हातान्हात फिरतो, त्याला आई न्हाय काय?"

मचव्याचे तांडेल या सगळ्यात गप्प असायचे. दिघीचेच, पन्नाशी ओलांडलेले, पांढरी दाढी, कमरेला लुंगी. सुकाणूपाशी बसायचे आणि नजर कायम पाण्यावर. सगळे त्यांना चाचा म्हणत, मीही म्हणायची. आठ-पंधरा दिवस त्यांनी ऐकून घेतलं, मग एका दुपारी विचारलं, "बाय, लगीन होतं अशी गोष्ट न्हाय काय तुमच्याकडं?"

मी खालच्या थरातली कादंबरी आणली. ती मराठीच होती, वाचायला सोपी. दोघांची ताटातूट, चुकलेली पत्रं, श्रीमंत मामा. बायकांना आवडली. पण खरं ऐकायचे ते चाचा. शेवटचं प्रकरण आलं की ते सुकाणूवर पुढे झुकायचे. मी पुस्तक मिटलं की विचारायचे, "एवढंच? बस?"

"लग्न झालं ना चाचा, आता आणखी काय?"

"न्हाय, बराबर हाय." पण चेहऱ्यावरून दिसायचं की बरोबर नाही. मग म्हणायचे, "दुसरं आणा." अशा पाच-सहा कादंबऱ्या संपल्या. एवढा रापलेला माणूस प्रेमाच्या गोष्टींच्या शेवटावर इतका का अडतो, ते मला कळत नव्हतं.

कादंबऱ्या संपल्या तशी मी एक दिवस तो जाड ग्रंथ घेऊन आले. त्या दिवशी वारा पडला होता. मचवा खाडीच्या मध्यावर जवळजवळ उभा होता, शीड लोंबत होतं. बायका म्हणाल्या, वाचा. मी जहाजांवर गेलेल्या माणसांचं प्रकरण उघडलं. कोळसा घेऊन चाललेलं एक व्यापारी जहाज आफ्रिकेच्या बाजूला पाणबुडीनं बुडवलं, असा मजकूर होता. तेवीस माणसं एका छोट्या बोटीत उतरली. एकोणीस दिवसांनी दुसऱ्या जहाजाला ती बोट दिसली, तेव्हा सहा जण जिवंत होते. त्यांतले दोघं आमच्या जिल्ह्यातले होते, असंही लिहिलं होतं.

"सात," चाचा म्हणाले.

मला वाटलं, ते उतारू मोजतायत. मी पुढे वाचायला लागले.

"सात माणसं व्हती, बाय. सहा न्हाय."

"ग्रंथात सहा आहे चाचा."

"लिहिणारा तिथं न्हवता." त्यांचा आवाज चढला नव्हता. "सातवा दुसऱ्या दिवशी गेला, त्या जहाजावर. पण शिडी तो आपल्या पायानं चढला. म्हणून सात."

टोपलीवरचा कावळा हाकलायलाही कोणी हात उचलला नाही. मी पानाकडे पाहिलं, मग त्यांच्याकडे पाहिलं. त्या पानावरचा माणूस गेले कित्येक महिने मला रोज हात देऊन मचव्यात चढवत होता.

"चाचा, बोटीचं सुकाणू..."

"मीच धरलं व्हतं. दुसरं कोण धरणार? जहाजावर माझं कामच ते."

वारा आला. त्यांनी शीड फिरवलं आणि मचवा धक्क्याला लावला. दुसऱ्या दिवशी बायकांनी पुस्तकाचं नावही काढलं नाही. सगळ्या त्यांच्याकडे तोंड करून बसल्या. आणि चाचांनी सांगितलं. एका दमात नाही, चार-पाच खेपांत मिळून, मधेच दोरी ओढत, मधेच कोणाला सरकायला सांगत.

बोटीत पाणी थोडं आणि बिस्किटं दगडासारखी. रोज माणशी पत्र्याच्या छोट्या पेल्यानं पाणी मिळायचं. माणसं रत्नागिरीकडची, गोव्याची, चितगावची, आणि एक गोरा साहेब, जहाजावर तारयंत्र चालवणारा. आमच्याकडचे दोन. चाचा स्वतः आणि काशीदचा एक आगवाला, म्हणजे खाली भट्टीत कोळसा घालणारा. तिसऱ्या दिवशी दोन माणसं समुद्राचं पाणी प्यायली आणि वेड लागल्यासारखं करून गेली. चाचांच्या लक्षात आलं की तहानेच्या आधी माणूस मनानं जातो. एकदा नजर आत वळली की तो संपला.

"मग मी किस्सा सांगायला घेतला," चाचा म्हणाले. "मला किस्से येत न्हवते. मनाचंच जुळवलं. मुरूडच्या सुपारीच्या वाडीतली एक पोरगी. आमच्या दिघीच्या बाजूचा एक पोरगा, गरीब, होड्या बांधणारा. अमक्या दिवशी सूर्य बुडायच्या आत होडी घेऊन पलीकडे ये, न्हायतर माझं लगीन दुसरीकडं, असं ती सांगते. तो निघतो."

"आणि पोचतो?" एका बाईनं विचारलं.

"पोचू दिला तर किस्सा संपला. म्हणून मी त्याला पोचू दिला न्हाय. रोज संध्याकाळी थोडं थोडं सांगायचो. किनारा वीस हातांवर आला की शीड फाडायचो. शीड शिवलं की सुकाणू मोडायचो. भरतीची ओहोटी करायचो. एक चितगावचा माणूस एवढा चिडला की माझ्या अंगावर आला. म्हणाला, उद्या त्याला पोचवलं न्हाय तर तुला पाण्यात टाकीन. मला बरं वाटलं. उद्याचं बोलतोय म्हणजे आज मरत न्हाय. तो गोरा साहेब, त्याला आमची बोली यायची न्हाय. पण सूर्य खाली गेला की तोही माझ्याकडं बघून म्हणायचा, 'फिर?' तेवढा एकच शब्द शिकला व्हता."

मी शाळेत त्या दिवशी काय शिकवलं ते मला आठवत नाही. फळ्याकडे तोंड करून मी बराच वेळ उभी राहिले होते एवढं आठवतं. माझ्या खोक्यातली सगळी पुस्तकं मला अचानक हलकी वाटू लागली आणि त्याच वेळी फार मोलाचीही. एका माणसानं पाण्याऐवजी प्रेमाची गोष्ट वाटली होती, आणि ती पुरली होती.

शेवटच्या खेपेला त्यांनी सारंगाचं सांगितलं. सारंग म्हणजे जहाजावरच्या खलाशांचा मुकादम, रत्नागिरीकडचा, वयस्क. सोळाव्या दिवशी त्यानं चाचांना जवळ बोलावलं. म्हणाला, मी काही किनारा बघत नाही, मला एकट्याला शेवट सांग. चाचांनी त्याच्या कानाशी तोंड नेऊन सांगितला. सारंगानं मान हलवली. थोड्या वेळानं तो गेला.

"मग तोच शेवट," मी म्हटलं.

"तो त्याचा. त्याला दिला." चाचा पाण्याकडे बघत होते. "बाकीच्यांसाठी दुसरा पायजे व्हता. तो जमायच्या आत जहाज आलं, आणि मग कोणी विचारलं न्हाय. तुमची पुस्तकं ऐकत व्हतो ती त्यासाठीच. शेवट कसा करतात, ते बघत व्हतो."

हे झालं त्या वर्षीच्या मार्गशीर्षात. त्यानंतर महिन्याभरानं काशीदहून निरोप आला. तो आगवाला माडावरून पडून कंबर मोडून घेऊन दिवाळीपासून अंथरुणावर होता. निरोप एवढाच की किस्सा पुरा करायचा आहे, ये. दोघं बाजारात, लग्नात भेटायचे, पण त्या बोटीचं नाव काढायचं नाही, हे न बोलता ठरलेलं होतं. निरोप ऐकून चाचांचं सुकाणूवर लक्षच लागेना. शनिवारी धक्क्यावर मला म्हणाले, "बाय, तुम्ही शेवट भरपूर वाचलेत. माझ्याबरोबर येता?"

वडिलांनी तांडेलाबरोबर जातेय म्हटल्यावर एका शब्दानं अडवलं नाही. रविवारी सकाळी आम्ही मुरूडहून एसटीत बसलो. चाचांची धुतलेली लुंगी, अंगात कोट, डोक्याला टोपी, मांडीवर खजुराचं पुडकं. सगळ्या वाटभर आम्ही शेवट शोधत होतो. मी म्हटलं, तो वेळेत पोचतो आणि लग्न होतं. ते म्हणाले, एवढे दिवस थांबवून एवढंच? मी म्हटलं, तो पोचतो, पण तिचं लग्न झालेलं असतं. "आजारी माणसाला हे सांगू?" शेवटी मी घोडेवाल्याचा शेवट सांगितला, की तो सगळं जिंकून एकटाच निघून जातो. चाचांनी खिडकीतून बाहेर पाहिलं आणि म्हणाले, "हे त्या लोकांना परवडतं. त्यांच्याकडं घोडा हाय."

काशीदला सुरूच्या झाडांच्या मागे त्यांचं कुडाचं घर होतं. पडवीत खाटेवर तो माणूस पडलेला. दंड अजून भट्टीवाल्याचे, पाय मात्र वाळलेले. त्याची बायको दाराच्या चौकटीला टेकून उभी राहिली. दोघा मित्रांनी गळाभेट घेतली नाही, हालहवालही विचारली नाही. चाचा खाली जमिनीवर बसले.

"उशीर केलास," तो म्हणाला.

"शेवट जमत न्हवता रे. अजून पण..."

"तू गप. तुला शेवट ठाऊक न्हाय, हे मला पाचव्या दिवशीच कळलं व्हतं. म्हणून तर बोलावलं. मी करून ठेवलाय. शेवट तुझ्याकडं नसताना मी गेलो तर तुझं काय होईल?"

चाचांच्या मांडीवरचं खजुराचं पुडकं घेऊन मी खाटेशी ठेवलं.

तो छपराकडे बघत सांगायला लागला. "होडी लागते. सूर्य कधीच बुडालेला असतो. दिवस पण बरेच उलटलेले. पोरगी किनाऱ्यावर उभीच. लगीन मोडून उभी. हा खाली उतरतो, आता ही रडणार, गळ्यात पडणार, असं याला वाटतं. ती डोक्यावरचा हंडा उचलते आणि याच्या अंगावर फेकते. एक शब्द बोलत न्हाय. आठ दिवस बोलत न्हाय. हा अंगणात निजतो. नवव्या दिवशी ती बाहेर येते आणि म्हणते, जेवलास?"

तो थांबला. मग म्हणाला, "हे मी बोटीत रचलं. तू तिकडं सुकाणू मोडत बसला व्हतास, आणि मी इकडं अंगणात निजलो व्हतो. तुझं ऐकत पण न्हवतो. आणि मग मी घरी आलो. इकडं माझ्या मरणाची तार येऊन गेलेली. मी दारात उभा राहिलो, आणि हिनं काय केलं, विचार हिला."

बायकोनं पदर तोंडाला लावला होता. खांदे हलत होते. मला वाटलं, रडते आहे.

"हंडा न्हवता," ती म्हणाली. "तांब्या व्हता. आणि आठ दिवस न्हाय, तीनच."

चाचा हसायला लागले. मी त्यांना कधी आवाज करून हसताना पाहिलं नव्हतं. हसता हसता त्यांनी टोपी काढली आणि तिच्यातच तोंड खुपसलं. खाटेवरच्या माणसानं हात खाली सोडून त्यांच्या डोक्यावर ठेवला. बायको चुलीकडे गेली. मी उंबऱ्यावर बसले. ग्रंथातल्या त्या पाच-सहा ओळी माझ्यासमोर बसल्या होत्या. त्यांना भूक लागली होती, आणि आतून तांदळाच्या भाकरीचा वास येत होता. मला कोणाकडे बघायचं धाडस होईना.

आम्ही जेवलो. निघताना त्या बाईंनी माझ्या ओटीत नारळ घातला आणि चाचांना सांगितलं, "आता अधूनमधून येत जा. हे तोच किस्सा दोन दोन वेळा सांगत बसतात मला."

परत येताना मी चाचांना विचारलंच, सारंगाच्या कानात काय सांगितलं होतं. त्यांनी रागावल्यासारखं केलं नाही. "बाय, ते मी माझ्या बायकोला पण सांगितलं न्हाय," म्हणाले, आणि खिडकीची फळी खाली ओढून डोळे मिटून बसले.

तो आगवाला त्यानंतर दोन पावसाळे जगला. चाचा दर महिन्याला काशीदला जायचे. कधी मला विचारून एखादी कादंबरी न्यायचे आणि तिकडे कोणाकडून तरी ती वाचून घ्यायचे. मी ग्रंथाच्या समासात पेन्सिलनं 'सात' लिहिलं, आणि ज्या शिक्षकांनी तो लिहिला होता त्यांना पत्रही पाठवलं. त्यांचं पोस्टकार्ड आलं. अक्षर कापरं होतं. माहिती एका जुन्या कागदावरून घेतली होती, चूक झाली, क्षमा असावी, पुढची आवृत्ती निघाली तर दुरुस्त करीन, आणि त्या सातव्या माणसाचं गाव कळवाल का, असं त्यांनी विचारलं होतं. मी चाचांना विचारून चितगाव असं कळवलं. पुढची आवृत्ती निघाल्याचं मी ऐकलं नाही.

मग खाडीवर इंजिनाची लाँच आली. पाच-सात मिनिटांत पलीकडे. तिच्या आवाजात शेजारच्या बाईचं बोलणंही ऐकू यायचं नाही, वाचून दाखवणं दूरच. चाचांनी मचवा विकला. माझीही तोवर माणगावच्या शाळेत बदली झाली होती. जायच्या आधी मी घोडेस्वारांची उरलेली पुस्तकं दिघीच्या बायकांना देऊ केली, तर त्या म्हणाल्या, "ती घेऊन आम्ही काय करणार? त्यात काय लिहिलंय ते तुम्हालाच ठाऊक."